मास्टर बॉल मेवटूवर नको, रायकूवर टाक

वेंगुर्ल्याहून तू पाठवलेल्या पत्रात मुख्य प्रश्न तीन आहेत. मुंबईच्या मामेभावाने मे महिन्यात आणून दिलेल्या ‘पोकेमॉन फायररेड’ या खेळात तुझ्याजवळ कोणताही प्राणी हमखास पकडणारा एकच मास्टर बॉल आहे, सेरुलियन गुहेत मेवटू हा दुर्मीळ पोकेमॉन प्राणी समोर उभा आहे आणि रायकू हा दुसरा नकाशाभर पळतो आहे; तो बॉल कोणावर खर्च करावा, हा पहिला. ‘सोलसिल्व्हर’ या त्याच मालिकेतील खेळात लुगियावर चाळीस अल्ट्रा बॉल फेकूनही तो हाती लागला नाही, यात दोष नशिबाचा की पद्धतीचा, हा दुसरा. एका खेळात शिकलेली युक्ती दुसऱ्या खेळात जशीच्या तशी चालते का, हा तिसरा. धाकट्या बहिणीच्या ‘पोकेमॉन गो’बद्दलही तू एक ओळ लिहिली आहेस, तिचे उत्तर शेवटी देतो.

पहिल्याचे उत्तर शीर्षकात दिले आहेच; आता त्याची कारणे सांगतो. मेवटूची पातळी 70 आहे, तो बलाढ्य आहे आणि त्याचा कॅच रेट (हा आकडा जितका लहान तितका प्राणी पकडणे अवघड) 3, म्हणजे या मालिकेतील सर्वांत कमी आहे. इतके असूनही त्याच्यात एक मोठा सद्गुण आहे, तो म्हणजे तो जागचा हलत नाही. त्याच्यासमोर उभे राहून खेळ सेव्ह करावा, लढाई बिघडली तर यंत्र बंद करून पुन्हा सुरू करावे, आणि हे कितीही वेळा करावे. रायकूचे तसे नाही. ‘फायररेड’ व ‘लीफग्रीन’मध्ये सुरुवातीला बल्बासॉर निवडणाऱ्याला एन्टेई, चारमँडर निवडणाऱ्याला स्विकून आणि तुझ्यासारख्या स्क्वर्टल निवडणाऱ्याला रायकू मिळतो. तो कांटो प्रदेशाच्या रस्त्यांवर भटकत असतो, भेटला तर त्याची पाळी येताच पळून जातो, आणि तू गावाची वेस ओलांडलीस की त्याचाही मुक्काम हलतो.

‘मग वॉबफेट पुढे ठेवून त्याचा मार्ग अडवतो’ असे तू लिहिले आहेस. वॉबफेट या प्राण्याच्या ‘शॅडो टॅग’ या गुणामुळे रायकूला स्वतःहून पळता येत नाही हे खरे आहे, पण या दोन खेळांपुरता हाच उपाय सर्वांत घातक आहे. पळता येत नाही म्हटल्यावर तो हल्ले वापरू लागतो, आणि त्याच्या हल्ल्यांत ‘रोअर’ आहे. रोअरने लढाई तिथेच संपते, शॅडो टॅग त्याला रोखू शकत नाही, आणि या दोन खेळांमधील एका जुन्या दोषामुळे रोअर करून गेलेला रायकू किंवा एन्टेई नकाशावरून कायमचा नाहीसा होतो. पुन्हा कधी भेटत नाही. रापणीत शिरलेला मासा अजून किनाऱ्यावर आलेला नसतो, हे तुला मी वेगळे सांगायला नको. स्विकूनच्या हल्ल्यांत रोअर नसतो, म्हणून चारमँडर निवडणाऱ्याला ही भीती नाही. त्याने मास्टर बॉल वाटल्यास मेवटूवर खर्च करावा.

रायकूला गाठण्याची रीत अशी आहे. तो एकदा दिसला की पोकेडेक्समधील (खेळातील प्राण्यांच्या नोंदवहीतील) त्याच्या नकाशावर त्याचा ठावठिकाणा उमटतो. फ्लाय करून त्याचा पाठलाग करू नये, कारण प्रत्येक उड्डाणानंतर तो कुठेतरी दूर फेकला जातो. एखाद्या गावाच्या सीमेवर थांबावे, रस्ता व गाव यांच्यामध्ये ये-जा करावी आणि तो शेजारच्या रस्त्यावर आला की गवतात शिरावे. त्या आधी मॅक्स रिपेल मारावा आणि सर्वांत पुढे असा गडी, म्हणजे आपला लढणारा प्राणी, ठेवावा, ज्याची पातळी त्या रस्त्यावरील इतर प्राण्यांपेक्षा जास्त पण 50 च्या वर नाही. रिपेल आपल्या पुढच्या गड्यापेक्षा खालच्या पातळीच्या प्राण्यांना दूर ठेवतो. रायकूची पातळी 50 असल्यामुळे तो तेवढा गाळणीतून खाली येतो. भेट झाली की दुसरा विचार न करता मास्टर बॉल टाकावा. एक कटू गोष्टही सांगून ठेवतो. याच खेळांतील आणखी एका दोषामुळे भटक्या प्राण्याचे एचपीखेरीज (एचपी म्हणजे प्राण्याची जीवशक्ती) जवळजवळ सर्व जन्मजात गुण शून्याच्या आसपास राहतात, त्यामुळे तुझा रायकू लढाईत फारसा चमकणार नाही. पण त्या सेव्हमध्ये तो एकच आहे, आणि पोकेडेक्स पुरा करायचा असेल तर तोच लागणार आहे.

आता लुगिया. चाळीस बॉल वाया गेले यात तुझे नशीब फुटके नव्हते, आणि हे साध्या गणिताने दाखवता येते. या मालिकेतील खेळांच्या तिसऱ्या पिढीपासून, म्हणजे 2002 च्या ‘रुबी’ व ‘सफायर’पासून, हिशेब ढोबळमानाने असा चालतो: प्राण्याचा कॅच रेट घ्यायचा, त्याला बॉलच्या गुणकाने गुणायचे, एचपी पूर्ण असेल तर तीनने भागायचे आणि एचपी 1 वर आणला असेल तर भागायचे नाही, मग झोप वा गोठण्यासाठी 2 ने किंवा लकवा, विष वा भाजण्यासाठी दीडने गुणायचे. जे उत्तर येईल त्याला 255 ने भागले की एका फेकीत पकडले जाण्याची शक्यता मिळते. तू लुगियाला जवळजवळ पूर्ण एचपीवर, जागा असताना, अल्ट्रा बॉल मारलेस. तीन गुणिले दोन भागिले तीन, म्हणजे दोन. दोन भागिले 255, म्हणजे पाऊण टक्क्याहून किंचित जास्त. असे चाळीस बॉल टाकले तरी तो हाती लागण्याची शक्यता 27 टक्क्यांच्या आसपासच राहते, म्हणजे चारातले तिघे तुझ्यासारखेच रिकाम्या हातांनी परततात.

तोच लुगिया झोपवून आणि एचपी 1 वर आणून अल्ट्रा बॉल टाकला तर आकडा 12 होतो आणि शक्यता 4.7 टक्क्यांवर जाते. व्हर्ल आयलंड्सची ती जागा गुहेतली आहे, म्हणून तिथे डस्क बॉल साडेतीन पट चालतो आणि शक्यता 8 टक्क्यांच्या वर जाते. इथपर्यंत बहुतेक जण पोहोचतात आणि थांबतात. खरे हत्यार मात्र अझेलिया टाउनमधील बॉल बनवणाऱ्या कर्टच्या घरी आहे. काळे ॲप्रिकॉर्न हे फळ त्याला दिले की तो एका दिवसाने हेवी बॉल करून देतो. हेवी बॉल कॅच रेटला गुणत नाही, प्राण्याच्या वजनानुसार त्यात बेरीज करतो, आणि ज्याचा मूळ रेटच 3 आहे त्याच्यासाठी बेरीज ही गुणाकारापेक्षा कितीतरी मोठी ठरते. लुगियाचे वजन 216 किलो आहे आणि 204.8 किलोच्या वरच्या गटाला 20 गुण अधिक मिळतात. रेट 3 वरून 23 झाला, झोपेमुळे 46 झाला, शक्यता 18 टक्क्यांवर गेली. असे बारा बॉल जवळ असतील तर लुगिया सापडण्याची शक्यता नव्वद टक्क्यांच्या पुढे आहे.

हीच युक्ती हो-ओहवर करू नकोस. त्याचे वजन 199 किलो आहे, पाच-सहा किलोंनी तो गट हुकतो, आणि ‘सोलसिल्व्हर’मध्ये त्या वजनाला 20 गुण मिळण्याऐवजी उलट 20 गुण कापले जातात. दिसायला दोघे एकाच मापाचे वाटतात, म्हणून अनेक जण इथे फसतात.

लुगियासाठी गडी कोणते न्यावेत, हेही तू विचारले आहेस. एचपी 1 वर आणण्यासाठी ‘फॉल्स स्वाइप’ हा हल्ला लागतो, कारण त्याने समोरचा कधीच बेशुद्ध पडत नाही. नॅशनल पार्कमधील कीटक-स्पर्धेत मिळणारा सायथर तो लहान वयातच स्वतःहून शिकतो. झोपवण्यासाठी सर्व जण पॅरासेक्टचे नाव घेतात, कारण त्याचे ‘स्पोर’ शंभर टक्के लागते. पण पॅरासेक्ट हा कीटक आणि वनस्पती अशा दुहेरी प्रकारचा असल्याने उडत्या प्रकारच्या हल्ल्याने त्याला चौपट इजा होते, आणि लुगियाचा ‘एरोब्लास्ट’ नेमका त्याच प्रकारचा आहे. म्हणून इथे मी नॉक्टाउल सुचवतो. त्याचे ‘हिप्नॉसिस’ दहात सहा वेळाच लागते, हे मान्य आहे, पण त्याची अंगकाठी दणकट आहे आणि लुगियाच्या नेहमीच्या हल्ल्यांपैकी कशानेही त्याला दुप्पट इजा होत नाही. सायथरने आधी एचपी उतरवावा, मग नॉक्टाउल बाहेर काढावा, लुगिया झोपला की हेवी बॉल, जागा झाला की पुन्हा हिप्नॉसिस. लुगियाच्या अंगी ‘प्रेशर’ हा गुण असल्यामुळे तुझ्या प्रत्येक हल्ल्याला एकाऐवजी दोन पीपी (हल्ला किती वेळा वापरता येईल तो साठा) जातात, तेव्हा पीपी भरणारे ईथर पिशवीत असू देत.

मेवटूवर मास्टर बॉल टाकायचा नाही म्हटल्यावर त्याचीही सोय करावी लागेल. ‘फायररेड’मध्ये सायथर मिळतो (‘लीफग्रीन’मध्ये नाही, तिथे त्याच्या जागी पिन्सर आहे), आणि मेवटूपुढे पॅरासेक्टला उडत्या हल्ल्याची ती अडचण नाही. झोपलेल्या, 1 एचपीवरच्या मेवटूला अल्ट्रा बॉल 4.7 टक्के लागतो. साठ बॉल नेलेस तर शक्यता 94 टक्क्यांच्या आसपास जाते. बॉलची किंमत 1200 आहे, म्हणजे 72,000 जमवायला हवेत, आणि एलीट फोर या चार बलाढ्य प्रतिस्पर्ध्यांच्या चार-दोन फेऱ्या मारल्या की तेवढे सहज जमतात. एक संध्याकाळ त्यात जाईल. पण मास्टर बॉलशिवाय मेवटू धरण्यात जी मजा आहे ती, माझ्या मते, या सबंध खेळात दुसरीकडे नाही.

बॉल तीनदा हलून फुटला म्हणजे प्राणी ‘जवळजवळ दमला’, असा समज इकडे रत्नागिरीत माझ्याकडे यंत्रे दुरुस्तीला घेऊन येणाऱ्या मुलांतही पक्का आहे. त्यात काही तथ्य नाही. या पिढ्यांमध्ये प्रत्येक फेकीला चार चाचण्या होतात आणि चारही पार झाल्या तरच प्राणी पकडला जातो. झोपलेल्या, 1 एचपीवरच्या लुगियावर अल्ट्रा बॉल टाकला तर प्रत्येक चाचणी पार होण्याची शक्यता सुमारे 47 टक्के असते. तेव्हा साधारण दर दहा बॉलांत एक पहिल्या तीन चाचण्या पार करतो, आणि पुढचा बॉल पुन्हा शून्यापासून सुरू होतो. बॉल बंद होताना ए आणि बी एकत्र दाबणे, खालचे बटण धरून ठेवणे, या सगळ्याचा परिणाम शून्य आहे. बंदरावरच्या ट्रकखाली म्यू हा दुर्मीळ प्राणी लपलेला आहे, ही गोष्टही अशीच पसरलेली आहे. तो ट्रक आहे, पण त्याच्याखाली काही नाही.

तिसऱ्या प्रश्नाचे थोडक्यात उत्तर ‘नाही’ असे आहे, आणि सर्वांत मोठा फरक पहिल्या पिढीत दिसतो. 1996 साली जपानमध्ये आलेल्या मूळ खेळांत आणि नंतरच्या ‘रेड’ व ‘ब्लू’मध्ये वरचे सूत्र नव्हतेच. तिथे अल्ट्रा बॉल टाकला की यंत्र 0 ते 150 यांमधील एक आकडा उचलते, आणि प्राणी झोपलेला किंवा गोठलेला असेल व आकडा 25 पेक्षा लहान आला, तर तो तिथेच पकडला जातो. एचपी किती उरला आहे हे पाहिलेही जात नाही. त्यामुळे त्या खेळात झोपलेला मेवटू पूर्ण एचपीवर असला तरी दर सहा बॉलांत साधारण एकदा सापडतो, आणि एचपी उतरवला तर शक्यता 19 टक्क्यांपर्यंत जाते. पुढच्या अनेक खेळांतील मेवटूपेक्षा तो सोपा आहे. जुन्या ‘रेड’वर वाढलेला मोठा भाऊ तुला ‘एचपीच्या मागे लागू नकोस, झोपव आणि टाक’ असे सांगत असेल तर तो त्याच्या खेळापुरते खरेच सांगतो आहे. तुझ्या खेळात तोच सल्ला तुला तीन पटींनी मागे नेईल.

दुसऱ्या पिढीत, 1999 च्या ‘गोल्ड’ व ‘सिल्व्हर’मध्ये, एका दोषामुळे लकवा, विष आणि भाजणे यांचा पकडण्यासाठी काडीचाही उपयोग होत नाही, फक्त झोप व गोठणे चालते. पाचव्या पिढीपासून (2010) झोपेचा गुणक 2 वरून अडीच झाला, आणि टायमर बॉल, ज्याला आधी चौपट व्हायला तीस वळणे लागत, तो दहा वळणांत चौपट होऊ लागला. म्हणून त्या पुढच्या खेळांत माझा क्रम ठरलेला आहे: पहिल्या वळणावर पाचपट चालणारा एक क्विक बॉल नशीब अजमावण्यासाठी, मग फॉल्स स्वाइप आणि झोप, मग दहाव्या वळणानंतर फक्त टायमर बॉल. रेट 3 असला तरी या पद्धतीने प्रत्येक फेकीला 11 टक्क्यांहून जास्त शक्यता मिळते.

अलीकडच्या खेळांत तर काही ठिकाणी चिंता उरलेलीच नाही. ‘सोर्ड’ व ‘शील्ड’मधील इटर्नेटस या प्राण्याचा कॅच रेट 255 आहे, आणि 2020 च्या ‘क्राउन टुंड्रा’मधील डायनामॅक्स मोहिमांत शेवटची लढाई जिंकली की कोणताही बॉल टाका, प्राणी सापडतोच. सोयीचे आहे, यात शंका नाही. मला स्वतःला त्यात फार गोडी वाटत नाही.

हुकमी वाटणारी पद्धत कुठे फसते, हे मात्र लक्षात ठेव. फॉल्स स्वाइप हा सामान्य प्रकारचा हल्ला आहे, म्हणून गिराटिनासारख्या भूत प्रकारच्या प्राण्यावर तो चालतच नाही. टापू फिनी मैदानात येताच धुके पसरते आणि ते असेपर्यंत जमिनीवरच्या कोणालाही झोप वा लकवा येत नाही. पाच वळणे थांबून मग कामाला लागावे. टापू कोको आला की विजेचे मैदान तयार होते, त्यात झोप लागत नाही, आणि सहाव्या पिढीपासून विद्युत प्रकाराला लकवाही होत नाही. 1 एचपीवर आणलेल्या प्राण्याला विष दिले किंवा वाळूचे वादळ उठवले तर तो वळण संपताच बेशुद्ध पडतो, हे उघड आहे, तरी लोक हेच सर्वांत जास्त वेळा करतात. लढाई फार लांबली तर त्याचे सर्व पीपी संपतात, तो ‘स्ट्रगल’ करू लागतो, आणि स्ट्रगलची उलटी इजा त्या एका एचपीला पुरेशी असते.

आता सेव्हबद्दल, कारण आपल्या किनाऱ्यावर हा विषय वेगळा आहे. खाऱ्या हवेने कार्ट्रिजच्या सोनेरी पट्ट्यांवर काळपट थर येतो, आणि मेवटूसमोर सेव्ह करताना खेळ अडकला तर दोष बहुधा तिथेच असतो. फुंकर मारू नये, तोंडातील ओलाव्याने थर वाढतो. आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये बुडवलेल्या कापसाच्या काडीने पट्ट्या हलक्या हाताने पुसाव्यात आणि पूर्ण वाळू द्याव्यात. ‘रेड’, ‘गोल्ड’ या जुन्या गेम बॉय कार्ट्रिजमध्ये सेव्ह एका बटण-सेलवर टिकतो आणि सेल संपला की सगळे पकडलेले प्राणी जातात. अस्सल ‘फायररेड’ला सेव्हसाठी सेल लागत नाही, पण बाजारातील नकली प्रतींमध्ये सेव्ह उडण्याची तक्रार नेहमीची आहे. म्हणून साठ बॉल विकत घेण्याआधी एकदा सेव्ह कर, यंत्र बंद करून रात्रभर ठेव आणि सकाळी तो उघडतो का ते पाहा. आणि पावसाळ्यात वीज कधी जाईल याचा नेम नसतो, तेव्हा यंत्र पूर्ण चार्ज असल्याशिवाय गुहेत शिरूच नकोस.

बहिणीचे ‘पोकेमॉन गो’ हे निराळ्याच हिशेबावर चालते. तिथे रेड, म्हणजे अनेकांनी मिळून एका बलाढ्य प्राण्याशी केलेली लढाई, जिंकल्यावर मोजकेच प्रीमियर बॉल मिळतात आणि बहुतेक लेजंडरींचा, म्हणजे लुगिया-रायकूसारख्या दुर्मीळ प्राण्यांचा, पकडले जाण्याचा मूळ दर 2 टक्के असतो. साधा सरळ बॉल टाकला तर शक्यता दोन टक्क्यांच्याही खाली राहते. गोल्डन रॅझ बेरी, फिरता बॉल आणि ‘एक्सलंट’ फेक या तिन्ही एकत्र साधल्या तर ती 12 टक्क्यांच्या पुढे जाते. तेव्हा प्रत्येक बॉलला बेरी द्यावी, आणि समोरचा प्राणी हल्ला करतो आहे तोवर बोट थांबवावे. वर्तुळ हव्या त्या मापाचे झाले की बॉलवरचे बोट उचलावे, ते माप तसेच राहते. मग पुढच्या हल्ल्याची वाट पाहावी आणि हल्ला संपता संपता बॉल सोडावा. गावात रेडला माणसे जमत नाहीत ही तिची तक्रार खरी आहे. गणपतीला चाकरमानी घरी आले की वाडीत फोनवाली पोरे पुष्कळ असतात, तेव्हा चतुर्थीच्या आठवड्यात कोणती लेजंडरी रेडमध्ये येणार आहे ते तिने आधीच पाहून ठेवावे आणि गोल्डन रॅझ बेऱ्या तोवर इतर कशावर खर्च करू नयेत.